अंधारातली टाळी

जनरलची हुकूमशाही संपून वीस वर्षं झाली, तेव्हा शर्वाणीने त्या दिवसांवर माहितीपट केला. पहिला खेळ संपताच पुढच्या रांगेतले माजी पोलीसप्रमुख दाभाडकर बायकोशेजारून उठले. "सगळं खोटं. आम्हाला जो घाबरत होता, त्याने हात वर करावा."

एकही हात वर झाला नाही. कॅमेऱ्यासमोर रडलेली माणसंही खाली मान घालून बसली. शर्वाणी दिव्यांच्या बटणांपाशी गेली.

"साहेब, तुमच्यादेखत हात कोण वर करेल?" ती म्हणाली. "मी दिवे घालवते. घाबरलेल्यांनी नुसती टाळी वाजवावी."

अंधारात एक टाळी वाजली आणि मागोमाग सगळं सभागृह कडाडलं. शर्वाणी मात्र थिजली होती. पहिली टाळी दाभाडकरांच्या शेजारच्या खुर्चीतून आली होती.