ठकू लोहारणीचा ऊन कोळसा

तालुक्याला कोर्ट नवंनवं आलं होतं, त्या काळची ही गोष्ट. खडकपांढरी गावात ठकू नावाची लोहारीण होती. नवरा गेल्यावर घण तिनंच उचलला. तिच्या भात्याचा वारा लागला की ओलं सरपणसुद्धा पेटायचं, असं म्हणतात.

त्या गावात म्हाताऱ्यांना मान फार. कशाबद्दल, हे विचारायची सोय नव्हती. सगळ्यात मानाचा म्हातारा दाजीबा खराडे. त्याचा पुतण्या पलटणीत गेला आणि मागं पुतण्याची बायको सगुणा शेत कसू लागली. दाजीबानं मधला बांध दरसाल थोडा थोडा नांगरला, आणि शेवटी हद्दीचा दगडच उपटून वीस पावलं आत रोवला. सगुणेची विहीर त्याच्या वावरात गेली.

सगुणा कोर्टात गेली. सात वर्षं नुसत्या तारखा. गावच्या पाच म्हाताऱ्यांनी शपथेवर सांगितलं, "दगड आमच्या आज्यापासून तिथंच आहे." अखेर कोर्टाचा अंमलदार जागा बघायला आला. म्हाताऱ्यांनी सांगितला तिथंच दगड होता. तो लिहायला बसला.

तेव्हा ठकू घण टाकून उठली. दाजीबाचा फाळ दरसाल तिच्याकडंच पाजवायला यायचा, आणि दरसाल त्यावर बांधातल्या मुरुमाचे ओरखडे असायचे. तिला सगळं ठाऊक होतं. सात वर्षं ती गप्प बसली, हेही सांगायलाच हवं. पोटाला धान्य त्याच घरांतून यायचं.

"दगड हलला, रावसाहेब," ती म्हणाली. "कोळसा नाही हलला."

हद्दीच्या दगडाखाली कोळसा पुरायची तिथली रीत. कोळसा कुजत नाही. पण दगड रोवताना पुरुषमंडळी पागोटी सांभाळत लांब उभी, खड्ड्यात कोळसा टाकायचा लोहारणीनं. म्हणून दाजीबाच्या तो ध्यानातच नव्हता. ठकूनं मात्र नवी नवरी असताना सासूच्या मागं त्याच कोळशाची पाटी वाहिली होती.

दाजीबा हसला. "आणि नाही निघाला, तर गं ठके?"

"तर भट्टी विझवून गाव सोडीन, आबा."

"आणि निघाला तर, मामंजी?" सगुणेनं पदराआडून विचारलं. पाचही म्हाताऱ्यांना एकदम खोकला आला.

ठकू अनवाणी दाजीबाच्या उभ्या ज्वारीत शिरली. "ए, पीक तुडवतेस!" तो ओरडला. ती चालत राहिली. जिथं तळपाय पोळला, तिथं थांबली. हातभर खणल्यावर कोळसा निघाला, आणि चाळीस वर्षांनीही तो ऊन होता, असं म्हणतात. अंमलदारानं बोट लावलं, फुंकर मारली आणि मग लिहिलं. विहीर सगुणेची झाली.

"थांबा," ठकू म्हणाली. "पाय अजून पोळतायत माझे." आणि ती साक्षीदारांच्या वावरांकडं वळली. ती जाईल तिथं बांधाशेजारून धूर निघू लागला.

मग भर दुपारी खडकपांढरीनं जे पाहिलं, ते पुन्हा कुणाला दिसलं नाही. पागोटी काखेत मारून, डोक्यावर दगड घेऊन पाच म्हातारे आपापल्या जुन्या हद्दीकडं पळत होते. त्यांच्या मागं आपला दगड घेऊन दाजीबाही. त्याची कंबर वीस वर्षं धरलेली, ती त्या दिवशी सुटली म्हणे.

ठकूची भट्टी ती असेतोवर कधी विझली नाही. आजही तिथं नवा बांध पडला की दोन्ही घरच्या सुना आपापल्या चुलीतला निखारा आणून एकाच खड्ड्यात टाकतात. त्यावर दगड बसतो, आणि दोन्ही घरं बांधावर एका पंगतीला जेवतात. याला ठकूचा शेक म्हणतात. तिखट कालवण असतं, हसणं-खिदळणं असतं, पोटभर जेवून माणसं घरी जातात.

एवढं करून वाद निघालाच, तर कोर्टाच्या आधी घरच्या थोरल्याला दगडापाशी नेतात. "आजोबा, हात ठेवा इथं. ऊन लागतंय का सांगा."

निम्मे आजोबा हात पुढं न करताच म्हणतात, "जाऊ दे रे. दोन पावलांसाठी कशाला?"