बिनतोंडाची मारबत

एका गावात मारबत करणारी एक बाई होती. ती खरं तेच सांगत होती, पण तिचं कुणी म्हणजे कुणी खरं मानलं नाही.

मारबत म्हणजे बांबू-कागदाची मोठी बाहुली. पोळा झाला की तिला गावभर मिरवायचं, "रोगराई घेऊन जा गे मारबत!" म्हणून ओरडायचं आणि शिवेबाहेर नेऊन जाळायचं. त्या वर्षी तापानं घरोघरी अंथरुणं पडली होती. बाईची लेकही फणफणली होती. बाईनं मारबत केली, पण तिला तोंडच काढलं नाही. ताप कुणामुळं आला ते ठाऊक नाही, मग तोंड काढायचं कुणाचं?

मिरवणूक चावडीपाशी अडली.

"नाक माझं काढलंय मेलीनं!" गवळण किंचाळली.

"आणि हे गाल माझे!" पुजारी म्हणाला.

"माझी थट्टा करतेस?" पाटील गरजला.

"अहो, कोरा कागद आहे तो! हात लावून बघा की."

कुणी हात लावला नाही.

"हसरं, गोड तोंड काढ, नाहीतर गाव सोड."

"पाटील, पोरंबाळं तापात बरळताहेत आणि मी मारबत हसवू? नाही हसवत, जा!"

पाटलानं मारबत चावडीत कोंडून कुलूप घातलं. बाई लेकीला मांडीवर घेऊन पायरीवर बसली. "मारबत निघेल तेव्हाच मी निघेन."

दिवेलागणीला आत कागद सळसळला. वारा तर नव्हता. मग आतून गवळणीचा आवाज आला, "दुधात पाणी मी घालते." गवळण समोरच उभी होती, तोंड मिटून. मग पुजाऱ्याचा आवाज आला, "देवाचं तूप मी घरी नेतो." लोक हसले.

मग पाटलाचा. "मेलेलं वासरू पुरायचा कंटाळा आला. गावच्या विहिरीत मीच टाकलं."

कुणी हसलं नाही.

"ही बयाच आवाज काढतेय!" पाटील ओरडला. बाईचे ओठ मिटलेले होते. आतून पुन्हा तेच आलं, पाटलाच्या खोकल्यासकट.

लोकांनी कुलूप फोडलं. कोऱ्या कागदावर तोंड उमटलं होतं. आता सगळ्यांना एकच दिसत होतं.

विहीर उपसली, वासराची हाडं निघाली. मारबत शिवेबाहेर जळली. ताप उतरला, बाईच्या लेकीनं पेज मागितली.

तात्पर्य एवढंच, की बिनतोंडाची बाहुली ज्याला आपल्यावर बोलतेय असं वाटतं, त्यानं तिला कोंडू नये, आधी आपलं तोंड उघडावं. नाहीतर पोरं वर्षानुवर्षं ओरडत राहतात, "ताप घेऊन जा, खोकला घेऊन जा, आणि जाता जाता घेऊन जा उदेभान पाटील!"