इलुमी नावाचा अर्थ

तर काय झालं, एका राजाच्या घरी पाळणा हलला. मुलगी झाली! राजाची धाकटी बहीण होती यमू. तिला तर आनंद कुठे ठेवू नि कुठे नको असं झालं. आत्या झाली होती ना ती! बारशाला बाळाच्या कानात नाव कोण सांगतं? आत्याच. तो मान राजालाही नाही, राणीलाही नाही.

पण त्या राज्यात एक गोष्ट होती, बरं का. नावाचा खोटा अर्थ सांगितला, तर नाव बाळाला लागतच नसे. हाका मारून घसा बसला तरी मूल वळून बघत नसे. नव्या नव्या नावांच्या हौसेत लोक हे विसरूनच गेले होते. प्रधानाचा मुलगा असाच हाकेला वळेना, तर त्याला कानाचा वैद्य लावला होता, वेडे कुठले!

मग एके दिवशी वाड्यावर आला नावविक्या. डोक्याला रेशमी पागोटं, जिभेवर साखर. म्हणाला, "महाराज, नाव ठेवा इलुमी. डोंगरापलीकडच्या देशातलं आहे. अर्थ, पहाटेचा पहिला किरण."

राजा खूश. राणी तर लगेच तेच नाव घेऊन अंगाई म्हणायला लागली.

यमू म्हणाली, "दादा, खात्री केल्याशिवाय मी हे नाव घेणार नाही."

"अगं, एवढा देशोदेशी हिंडलेला माणूस सांगतोय."

"सांगू दे. कानात मला सांगायचंय."

मग यमू निघाली. डोंगर चढली, उतरली. पलीकडे एक बाई पाणी भरत होती. ती म्हणाली, "आमच्यात नाही बाई असं नाव. नावविक्या तर म्हणाला, हे वाळवंटातलं."

मग यमू वाळवंटात गेली. उंटवाला पोट धरून हसला. "आमचं कुठलं? हे बेटावरचं. अर्थ मोती, असं नावविक्यानं सांगितलंय."

मग यमू होडीतून बेटावर गेली. एक म्हातारी कोळीण जाळं विणत होती. "अगो बाय, हे तुमच्याच राज्यातलं ना? नावविक्या तसंच बोलला!"

यमू वाळूत बसली आणि रडली. म्हणजे नाव कुठलंच नाही! हेच नाव लावलं, तर बाळ आईच्या हाकेलासुद्धा वळणार नाही.

ती परत आली तेव्हा बारसं सुरू व्हायचंच होतं. घुगऱ्या शिजल्या होत्या, पाळणा सजला होता. यमूचा चेहरा बघून नावविक्यानं मागच्या दारानं धूम ठोकली. यमूनं सगळं सांगितलं. राजा म्हणाला, "दुसरं नाव ठेवू."

राणीनं बाळाला घट्ट धरलं. "वन्सं, हेच नाव घेऊन रोज दूध पाजलंय हो मी. आता कसं टाकू?"

यमूला गलबलून आलं. तिनं क्षणभर विचार केला, बाळ घेतलं आणि त्याच्या कानाशी वाकली. म्हणाली, "बाळा, तुझं नाव इलुमी. ते कुठलं, कुणाला ठाऊक नाही. त्याला अर्थही नाही अजून. तू मोठी हो आणि हवा तो अर्थ दे त्याला." कुर्रर्र! बायकांनी यमूच्या पाठीत धपाधप धपाटे घातले.

मग सगळे बाळावर वाकले. राणीनं घाबरत घाबरत हाक मारली, "इलुमी?"

आणि बाळानं मान वळवली! वर खुदकन हसलंसुद्धा!

मग काय, गर्दीतून प्रधानाची बहीण धावली. नावाचा सांगितलेला अर्थ खोटा होता, खरा कुणालाच ठाऊक नाही, असं तिनं भाच्याच्या कानात सांगितलं आणि हाक मारली. पोरगा वळला. "काय गं आत्या?" त्याची आई ढसाढसा रडली. मग गावभरच्या आत्या धावत सुटल्या. त्या संध्याकाळी दारादारांतून हाका आल्या, आणि सगळी पोरं खेळ टाकून घरी पळाली.

इलुमीला मोठेपणी कुणी अर्थ विचारला, की ती म्हणायची, "थांबा, अजून ठरवतेय!" सगळी मंडळी सुखात राहिली. आता तुम्ही डोळे मिटा. आणि सकाळी मी नाव घेतलं, की पहिल्या हाकेला उठायचं, हं!