पोपट आणि मुजरा

“नवीला काय विचारायचं? तिला तोंड आहे की नाही, तेच अजून कळलं नाही,” सासूबाई मामंजींना म्हणाल्या. मी भिंतीपलीकडे भाकरी थापत होते. तोंड होतं. कोणी विचारलं नव्हतं.

मामंजी रायाजीराजांचं पागोटं बांधत. त्या सकाळी दिवाणजी आणि पिंजऱ्यातला पोपट एकाच दमात “महाराजांचा विजय असो” म्हणाले आणि राजांचं बिनसलं. भीतीने, बक्षिसासाठी किंवा हुकमाने केलेला नाही असा एक तरी मुजरा या राज्यात मिळेल का, असं त्यांनी विचारलं. मामंजी पागोट्याला पीळ देत होते. सवयीने म्हणाले, “होय महाराज.” झालं! चार दिवसांत तसा मुजरा आणा, नाहीतर वाड्याच्या आवारातलं घर सोडा, असा हुकूम निघाला.

तीन दिवस मामंजींनी सासूबाईंपुढे मनापासून वाकायचा सराव केला. कंबर तेवढी धरली. चौथ्या दिवशी मी पदर सावरून त्यांच्यामागे दरबारात गेले.

सगळे वाकले. मी उभीच. मामंजींनी डोळे मिटून घेतले.

“ही कोण?” राजांनी दिवाणजींना विचारलं.

न वाकणाऱ्याला शिक्षा काय, असं मी विचारलं. पंचवीस फटके, दिवाणजी म्हणाले.

“मग महाराज, ज्याला नाही म्हणता येत नाही, त्याचं हो म्हणणं पोपटाचंच. आधी मला न वाकण्याची मोकळीक द्या.”

राजांनी पोपटाकडे पाहिलं. मग भर दरबारात सांगितलं, की ही न वाकता गेली तरी फटके नाहीत आणि घरही जाणार नाही.

मी वळून चालू लागले. दारापाशी पोचले तेव्हा मागून राजांचा आवाज आला, जरा पडलेला.

“बाई, तुमचं नाव काय?”

लग्नात तांदळात सगुणा लिहिलं होतं, पण हाक ‘नवी’ अशीच यायची. मी माहेरचं सांगितलं, भिवरा.

“भिवराबाई, तशाच जाणार?”

मी परत फिरले आणि तीनदा वाकून मुजरा केला. आता का, असं त्यांनी विचारलं.

“मघाशी आपल्या लेखी मी कोणीच नव्हते, महाराज. कोणीच नसलेलीचा मुजरा आपल्याला कसा पुरला असता?”

राजे इतके हसले, की मामंजींनी बांधलेलं पागोटं सुटलं. घर कायमचं आमच्या नावे झालं, वर माझ्या खांद्यावर शाल.

घरी सासूबाई दारातच होत्या. काय झालं, असं त्यांनी मामंजींना विचारलं. मामंजी म्हणाले, “भिवराला विचार.”

सासूबाई माझ्याकडे वळल्या. “काय झालं गं, भिवरा?”

“घर राहिलं, सासूबाई. आणि तोंड आहे मला.”