देवीला कासाराच्या मुलीचं तोंड

एका गावात एक मूर्तिकार होता, आणि जे झालं त्यात चूक त्याचीच होती. गावातले म्हातारे नीच होते, पण ते सगळ्यांना माहीत होतं. त्यालाही.

नव्या देवळासाठी देवी हवी होती. मूर्तिकारानं कासाराच्या मुलीला समोर बसवलं. ती दारोदार बांगड्या भरायची, त्यामुळे तिचं तोंड गावात सगळ्यांच्या ओळखीचं.

"हलू नकोस," तो म्हणायचा.

"नाकावर माशी बसलीय."

"देवीच्याही नाकावर बसेल."

"तिला गुदगुल्या होणार नाहीत. दगडाची आहे ती."

वर्षभर असं चाललं. माशा हाकलता हाकलता दोघांचं जमलं. देवी बसली की लग्न करायचं ठरलं.

मूर्ती झाली. पंच, म्हणजे तेच म्हातारे, बघायला आले. एक जण म्हणाला, "ही तर कासाराची पोरगी."

"हिच्यापुढे आम्ही लोटांगण घालायचं?" दुसरा म्हणाला. "आणि उद्या हीच आमच्या ओट्याच्या पायरीशी बसून सुनांना बांगड्या भरणार?"

सगळ्यात म्हातारा मूर्तिकाराला गोड आवाजात म्हणाला, "बाळा, दोन तोंडं सारखी चालायची नाहीत. एक बदलावं लागेल. कुठलं, ते तू सांग."

दगडाचं बदलता आलं असतं. नाक जरा घासायचं, ओठ जरा आत घ्यायचे. चार दिवसांचं काम. पण इतकी चांगली मूर्ती आपल्या हातून पुन्हा होणार नाही, हे त्याला कळत होतं. तो म्हणाला, "मूर्तीला हात लावू नका."

त्याला वाटलं, फार तर तिला पदर पुढे ओढायला लावतील. नाहीतर आपण दुसऱ्या गावी जाऊन राहू.

त्याच दुपारी पंचांपैकी चौघांनी तिला धरलं. देवळाच्या कामासाठी भिजवलेला कळीचा चुना अजून उकळत होता, तो तिच्या तोंडावर ओतला. दोन्ही डोळे गेले. पंचांनी हात धुतले आणि जेवायला बसले.

मूर्तिकार धावत गेला. कासारानं त्याला दारातच अडवलं.

आतून ती म्हणाली, "ते म्हणत होते, तुला विचारलं. तू काय सांगितलंस?"

त्यानं सांगितलं.

मग ती म्हणाली, "बाबा, दार लावा."

तात्पर्य एवढंच: वडीलधाऱ्यांनी घाणेरडा प्रश्न विचारला, तर अदबीनं उत्तर देत बसू नका. मूर्तिकारानं उत्तर दिलं. ते दार त्याच्यासाठी पुन्हा उघडलं नाही, आणि तो मरेपर्यंत एकटा राहिला.