टिटवी ओरडली म्हणून

राहीनं तो आवाज ऐकला तेव्हा ती अजून अंड्यातच होती. कवचाबाहेर कुणीतरी गात होतं आणि गाणं कोवळ्या उन्हासारखं आत झिरपत होतं:

पिवळं झालं रान, वारा शिरला काडीत,
आधी ओरड माझे बाई, मग नीज माझ्या कुशीत.

तो तिच्या आईचा आवाज. टिटव्यांच्या घराण्यात वारसा म्हणून एवढंच मिळतं, दोन ओळी आणि एक घसा. जमीनजुमला नाही. उघडी माती दिसली, चार खडे गोळा केले, की झाली टिटवीची बाळंतिणीची खोली.

तर आटपाट नव्हे, चांगलं खडबडीत असं एक रान होतं. नाव कुसळगड. सात टेकड्या, मधोमध एक डबकं आणि चहूकडे कुसळी गवत. श्रावणात हे गवत हिरवं, मार्गशीर्षात सोन्यासारखं आणि फाल्गुनात नुसतं सरपण. त्यामुळे दरसाल वणवा यायचाच. जावयासारखा. येणार हे नक्की, किती खाऊन जाणार एवढाच प्रश्न.

पण जुन्या प्राण्यांनी त्यावर तोड काढली होती. माघ सरता सरता अख्खं रान कामाला लागे. डुकरं सुळ्यांनी गवताचे गड्डे उपटत, ससे बुडखे कुरतडत, हरणं खुरांनी तुडवत आणि पाखरं राहिलेली काडी न् काडी वेचून नेत. दोन टेकड्यांच्या मधे उघड्या मातीची रुंद पट्टी निघे. तिला जाळपट्टा म्हणत. वणवा तिथवर धावत येई, जीभ काढून इकडेतिकडे बघे, आणि पुढं खायला काहीच नाही म्हणून मुकाट आडवा होई. त्याच उघड्या पट्टीवर मग टिटव्या अंडी घालत आणि उंच उडून साऱ्या रानावर नजर ठेवत. धूर दिसला की ओरडत. यात कुणी कुणाचा सत्कार करत नसे.

मग कुसळगडात निवडणूक आली.

आजवर राजे व्हायचे ते नखवाले. वाघ झाले, बिबटे झाले. या खेपेला उकरणाऱ्यांनी एकी केली. ससे, साळिंदरं, मुंगसं, घुशी, जो जो म्हणून माती उकरून जगतो तो एक झाला आणि त्यांनी दंतराव नावाच्या रानडुकराला गादीवर बसवलं. "मातीतला राजा, मातीसाठी!" अशी घोषणा होती. म्हातारे साळिंदर तुळाजीतात्या तर त्या दिवशी रडले. म्हणाले, "जन्मभर राजाकडं मान वर करून बघितलं. आज पहिल्यांदा राजाचं नाक आपल्याइतकं खाली आहे."

दंतरावांनी पहिल्याच सभेत वारुळावर चढून भाषण केलं.

"रानबंधूंनो! आपलं रान एक आहे की नाही?"

"आहे!"

"मग त्याच्या अंगावर हे चट्टे कुणी पाडले? ही टेकडी वेगळी, ती टेकडी वेगळी, असं सांगणारी ही रेघ कुणी ओढली? अरे, जो जाळपट्टा काढतो तो रानाचे तुकडे करतो!"

"अखंड रान!" शेजारच्या फांदीवरून कोतवाल ओरडला. कोतवाल म्हणजे तो दुभंगल्या शेपटीचा काळा पक्षी. कुणाचाही आवाज हुबेहूब काढतो, म्हणून राजांनी त्याला आपला प्रवक्ता नेमलं होतं.

"एकच रान!" ससे म्हणाले. आजवर सशांना रानाचे तुकडे झालेत असं कधी वाटलं नव्हतं. पण एकदा कळल्यावर त्यांना फार दुखायला लागलं.

त्या माघात कुणी गवताला दात लावला नाही. जाळपट्ट्यांच्या जागी पावसाळ्यात उगवलेली कुसळी तशीच उभी राहिली, वाळली आणि वाऱ्यावर सळसळू लागली. रान खरोखर अखंड झालं. या टोकाची काडी त्या टोकाच्या काडीला हात देऊन उभी.

राहीला अंडी घालायला जागा मिळेना. शेवटी तिसऱ्या टेकडीच्या पायथ्याशी कातळाचा एक तुकडा सापडला, तिथं तिनं चार अंडी घातली. तिचा नवरा केरबा डबक्यात पोट भिजवून येई आणि ओल्या पिसांनी अंड्यांवर गारवा धरी. दोघं आळीपाळीनं उठत.

एका भर दुपारी केरबा अंड्यांवर होता आणि राही आभाळात. टेकडी सामसूम होती. जो तो आपापल्या बिळात, कपारीत. आणि राहीनं खाली पाहिलं, तर दंतराव एकटेच चढणीवर उभे. त्यांनी इकडंतिकडं बघितलं. मग सुळा एका गारगोटीवर घासला. एकदा, दोनदा. ठिणगी कुसळीत पडली. दंतराव शांतपणे उतरून गेले, जसं कुणी देवाला दिवा लावून घरी जातं.

राही जिवाच्या आकांतानं ओरडली.

त्या ओरडण्यानं निम्मं रान वाचलं. सशिणी पिलांना मानेला धरून पळाल्या. हरणांनी आंधळ्या झालेल्या म्हाताऱ्या सांबराला मधे घेतलं आणि खोकत खोकत डबक्याकडं नेलं. डबक्यात साप आणि बेडूक एकाच चिखलात नाक वर काढून बसले. कुणी कुणाला खाल्लं नाही, कारण प्रत्येकाच्या तोंडात राख होती. कातळ उघडा होता म्हणून राहीची अंडी तगली. तिसरी टेकडी मात्र काळी झाली.

दुसऱ्या दिवशी चौकशी बसली. कोतवाल अध्यक्ष, साक्षीदारही तोच. वणव्यातून पळणारे किडे टिपायला आगीच्या कडेनं सगळ्यात आधी तोच हजर असतो, त्यामुळे त्याचा अनुभव दांडगा होता.

"आधी काय झालं?" त्यानं विचारलं.

"टिटवी ओरडली," मुंगूस म्हणालं.

"आणि नंतर?"

"वणवा दिसला."

"मागच्या वर्षी?"

"तेव्हाही टिटवी आधी ओरडली होती."

"म्हणजे दरवेळी टिटवी ओरडते आणि मग वणवा दिसतो. टिटवी ओरडलीच नाही आणि तरी वणवा दिसला, असं कधी झालंय?"

सभेनं पुष्कळ आठवून पाहिलं. तसं कधी झालं नव्हतं.

"टिटवी अशुभच," तुळाजीतात्या जमिनीकडे बघत पुटपुटले. "आमचे आजोबाही म्हणायचे."

निकाल लागला. फाल्गुन ते ज्येष्ठ टिटवीला ओरडण्यास मनाई.

संध्याकाळी खुद्द दंतराव कातळावर आले. सोबत कुणी नाही.

"राहीताई, अंडी किती?"

"चार, महाराज."

"वा! ठिपके अगदी केरबांवर गेलेत."

"टिटवीच्या सगळ्याच अंड्यांवर असतात, महाराज."

"हं." दंतरावांनी सुळा कातळावर हळूच टेकवला. "त्या दुपारी तुम्ही बऱ्याच वर होतात म्हणे. वरून सगळं दिसत असेल, नाही? जपा हो डोळ्यांना. धूर फार वाईट."

राहीनं पंख अंड्यांवर आणखी पसरले.

"हा कातळ काही खरा नाही. माझ्या गुहेपुढं राजअंगण आहे. रोज झाडलेलं, गवताचं पातं नाही. अंडी तिथं हलवा. वणवा आला तरी तिथं यायची त्याची टाप नाही. फक्त घसा जरा सांभाळायचा. ओरडून कुणी अंडी उबवलीत का आजवर?"

ते गेल्यावर केरबा म्हणाला, "राही, ओरडणं काय, जन्मभर आहे. अंडी यंदाची आहेत."

"आणि मी पाहिलं ते?"

"काय पाहिलंस? मला सांगू नकोस. मला ठाऊक असलं की माझ्या तोंडून जाईल."

टिटवीला अंडी उचलून नेता येत नाहीत. राजाच्या माणसांनी, म्हणजे घुशींनी, ती एकेक करून पानावर ठेवून नेली. राही मागोमाग चालत गेली आणि तिनं चोच मिटली ती मिटलीच.

मग वणव्यांचा हंगाम जोरात आला. पाचवी टेकडी गेली, दुसरी गेली, सातवी गेली. पण रोज सकाळी कोतवाल झाडावरून जाहीर करी, "कालच्या दिवसात कुठेही टिटवी ओरडल्याचं वृत्त नाही. सबब वणवा नाही." जो धूर दिसत होता त्याला चैत्रातलं धुकं म्हणायचं ठरलं. पिलं पाठीवर घेऊन डबक्याकाठी आलेल्या प्राण्यांना 'हवापालटासाठी आलेले पाहुणे' म्हणायचं ठरलं. जळालेली टेकडी पडीक धरायची आणि पडीक टेकडी राजाच्या ताब्यात द्यायची, हेही ठरलं. त्या टेकड्यांतले रानकंद जागच्या जागी भाजून तयार असत. दंतरावांची पिल्लावळ ते उकरून गुहेत भरू लागली. त्यातला एकेक कंद पाहुण्यांना वाटण्यात येई. प्रत्येक कंदावर राजाच्या सुळ्याची खूण असे.

"आपल्याच टेकडीचा दिसतोय," एक सशीण कंद हुंगून म्हणाली.

"गप खा," तिचा नवरा म्हणाला. "मागच्या राजांनी कधी भाजून दिले होते का?"

राही अंगणात अंड्यांवर बसून हे ऐके. पंखांखाली चार गोल ऊब होत्या. वाऱ्याला जळक्या पिसांचा वास असे. कुणाची पिसं, हे तिला वासावरून कळे. तरी ती गप्प राही. आई असणं म्हणजे कधीकधी इतरांच्या आयांना विसरणं, असं ती स्वतःला समजावी, आणि समजत नसे.

चैत्र सरता सरता राजांनी 'वणवामुक्ती सोहळा' जाहीर केला. साऱ्या रानाला राजअंगणात बोलावणं गेलं. पाहुण्यांच्या पायांना माती लागू नये म्हणून घुशींनी अंगणभर वाळल्या कुसळीच्या चटया अंथरल्या. अंड्यांभोवतीही अंथरल्या. दिसायला बरं दिसावं म्हणून.

"अहो, हे गवत आहे," राही घुशींच्या मुकादमाला म्हणाली.

"गवत नाही, गालिचा आहे," मुकादम म्हणाला. "वरून तसा हुकूम आहे."

सोहळा रंगात आला. दंतराव बोलत होते, "मागच्या राजवटीत वणवे लागत. आज छातीवर खूर ठेवून सांगतो, कुसळगडात एकही..." आणि राहीला त्यांच्या पाठीमागं, गुहेच्या माथ्यावर, धूर दिसला. पिवळट, दाट, खाली उतरणारा. मग त्या धुराला लाल कड आली.

तिनं अंड्यांकडं पाहिलं. केरबाकडं पाहिलं. केरबानं मान हलवली, नको. आणि तेवढ्यात एक ठिणगी चटईच्या कडेवर येऊन बसली.

राही ओरडली. इतके दिवस साठलेलं सगळं ओरडली.

सभा दचकली. कोतवालानं चटकन तिचाच आवाज काढला, "टिटिव, टिटिव, काही नाही, सगळं ठीक आहे!" माना पुन्हा राजाकडं वळल्या.

"मी इथं आहे! मी!" राही सशांच्या डोक्यांवरून झेपावली. "गवत ओढा! माघातल्यासारखं ओढा! अरे, हात विसरलात का?"

हात विसरले नव्हते. आधी एका हरिणीनं चटई खुरानं फाडली. मग ससे, मग साळिंदरं. कुणी उपटतंय, कुणी तुडवतंय, पाखरं काड्या चोचीत धरून उडतायत. राहीच्या अंड्यांभोवती, पिलांभोवती, म्हाताऱ्यांभोवती, बघता बघता उघड्या मातीची एक वाकडीतिकडी पट्टी निघाली. वणवा आला, पट्टीपाशी घुटमळला आणि धुमसत बसला.

या गडबडीत एकच जण उलट्या दिशेनं पळाला. दंतराव. ते थेट अंड्यांवरून गेले. तीन राहिली. एक फुटलं.

आग निवल्यावर दंतराव परत आले. अंग झाडलं आणि अंगणाकडेच्या वारुळावर चढले.

"रानबंधूंनो! आज आपल्या राजवटीनं काढलेल्या या पट्टीनं रान वाचलं!"

"अखंड रान!" कोतवाल सवयीनं ओरडला, मग पट्टीकडं बघून जरा थांबला, आणि पुन्हा ओरडला.

"आणि त्या अंड्याला विसरू नका. त्या कोवळ्या जिवानं रानासाठी बलिदान दिलं. त्याचं भव्य स्मारक आम्ही इथंच उभारू!"

"अंडं अमर रहे!" घुशी म्हणाल्या.

राही फुटल्या कवचापाशी उभी होती. केरबा पोट भिजवून आला होता आणि ओली पिसं कुठं टेकवावीत हे त्याला कळत नव्हतं.

"त्यानं काही दिलं नाही, महाराज," ती म्हणाली. आवाज मोठा नव्हता. "तुम्ही त्याच्यावर पाय दिलात. आणि तिसऱ्या टेकडीवर गारगोटीला सुळा घासला तोही तुम्हीच. मी वरून पाहिलं. अंड्यांपायी गप्प बसले, आणि किती जणांची पिलं माझ्या गप्प बसण्यानं गेली ते माझं मला माहीत. तुम्हीच लावलात वणवा."

राहीला वाटलं, आता हल्लकल्लोळ होईल. पण एकाही चेहऱ्यावर आश्चर्य नव्हतं. ससे पंजे बघत होते. हरिणीनं मान फिरवली होती.

शेवटी तुळाजीतात्यांनी काटे मिटले, घसा खाकरला, आणि खाली मान घालूनच म्हणाले:

"बाई, पाहिलं तर आम्हीही होतं. कपारीतनं. पण काय करणार, पेटवणारा आपल्यातला होता."