अळणी नैवेद्य

एकदा एका राजाने आपला देव बदलला.

डॅन्यूब नदीच्या उत्तरेला गॉथ नावाच्या टोळ्यांच्या वस्त्या होत्या, त्या काळची ही गोष्ट. राजाचे आपल्याच भाऊबंदाशी वैर पेटले होते आणि त्यात त्याची सरशी होईना. तेव्हा त्याने नदीपलीकडच्या सम्राटाकडे फौज मागितली. सम्राट म्हणाला, फौज देतो, पण माझा देव घे. राजाने घेतला. त्याला पहाटेच्या प्रहरी ख्रिस्ताचा साक्षात्कार झाला, असे पुढे भाट गाऊ लागले. साक्षात्काराला फौज नदी उतरण्याचाच मुहूर्त कसा सापडला, हे मात्र कुठल्या भाटाने विचारले नाही. भाटांचे पोट गाण्यावर चालते.

एकट्या राजाने देव बदलून भागणार नव्हते. सम्राटाला सारी प्रजा हवी होती. म्हणून प्रजेचाही देव बदलायचे ठरले, आणि तो कसा बदलायचा हेही राजानेच ठरवले. त्यासाठी त्याला फारसे डोके चालवावे लागले नाही, कारण गाडा होताच.

या गाड्याची हकिकत आधी सांगायला हवी. दहाएक वर्षांपूर्वी, ख्रिस्ताचे नाव घेणारी थोडी माणसे वस्त्यांमध्ये दिसू लागली तेव्हा, याच राजाने जुन्या देवाचे तोंड कोरलेला ओकाच्या लाकडाचा सोट एका गाड्यावर उभा करून गावोगाव फिरवला होता. प्रत्येक तंबूपुढे गाडा थांबे. घरातल्यांनी बाहेर येऊन लाकडी देवापुढे वाकायचे आणि त्याच्या नैवेद्याचे मांस स्वारांच्या देखत खायचे. ते मांस अळणी असे, कारण देवाच्या ताटात मिठाला जागा नाही, असा त्यांचा रिवाज होता. जो खाईना, त्याचा तंबू आतल्या माणसांसकट पेटवून देत.

आता राजाने सुताराला बोलावले. त्याने ओकाच्या सोटावरचे देवाचे तोंड रंध्याने साफ केले आणि वर एक आडवी फळी ठोकली. क्रूस तयार झाला. बैल तेच होते, गाडीवान तोच, स्वार तेच आणि मशालीही त्याच. फरक इतकाच, की आता मांस खायचे नव्हते, माथ्यावर बाप्तिस्म्याचे पाणी घ्यायचे होते.

पाणी लावायला पुरोहित हवा, म्हणून राजाने एका वृद्ध आचार्यांना बोलावणे धाडले. या आचार्यांनी उभे आयुष्य गॉथांना त्यांच्याच बोलीत ख्रिस्ताची वचने समजावण्यात घालवले होते, तेही लपूनछपून, जीव मुठीत धरून.

आचार्य म्हणाले, "महाराज, धर्म असा वाटता येत नाही."

"वाटणारा मी आहे," राजा म्हणाला. "तुम्ही फक्त पाणी लावायचं. मंत्र सम्राटाच्या भाषेत म्हणायचा, त्याच्या कानावर तसंच गेलं पाहिजे. तुम्हाला यायचं नसेल तर राहा घरी. मग नुसती मशाल जाईल."

आचार्यांनी मंतरलेल्या पाण्याची कुपी गळ्यात अडकवली आणि ते गाड्यावर चढून बसले.

त्यांच्या मागोमाग त्यांचा शिष्य चढला, तो मात्र आनंदाने. या तरुणाच्या मनात वर्षानुवर्षे आग धुमसत होती. जुना देव गाड्यावर होता तेव्हा तो लहान होता. स्वारांनी नैवेद्याचे ताट शेजारच्या बाईच्या हाती दिले आणि तिने ते त्याच्या आईपुढे धरले. आईने तोंड फिरवले आणि ती तंबूसकट जळाली. मग बाईने त्याच्यापुढे मांस धरले. त्याने ते खाल्ले आणि तो जगला. आईने ज्याला नकार दिला तो घास आपण गिळला, हे त्याने आजवर कोणाला सांगितले नव्हते, आचार्यांनाही नाही. तो घास अजून त्याच्या जिभेवर होता. खारट लागला होता. तेव्हा आपण रडत होतो, डोळ्यांतले पाणी तोंडात उतरले असणार, असे तो समजत आला होता.

म्हणून गाड्याच्या पुढच्या बाजूला उभे राहून राजाज्ञा ओरडून सांगताना त्याचा आवाज कधी बसला नाही. ज्यांनी आपल्या आईला जळताना पाहिले आणि जुन्या देवापुढे वाकून घरी जेवायला गेले, ते आता थरथर कापत बाहेर येत होते. त्यांच्या डोळ्यांतली भीती तो डोळे भरून पाहत होता. मागे तंबूंच्या दारात आचार्य काय करत आहेत, इकडे त्याचे लक्षही नव्हते. सूड गोड लागतो म्हणतात. याला तो लागत होता, खोटे कशाला बोला?

गाडा एके दिवशी त्याच्याच गावी पोचला.

सारी वस्ती निमूटपणे पाण्याखालून गेली. शेवटच्या तंबूतून मात्र कोणी बाहेर येईना. आत शेजारची तीच बाई होती. आता ती पार वाकली होती. चुलीवर रस्सा रटरटत होता आणि ती तो ढवळत बसली होती.

"आजी, बाहेर या," शिष्य दारातून म्हणाला. "राजाची आज्ञा आहे."

"आज्ञा ऐकली मी. तुझा आवाज मोठा आहे, बाळा." तिने पळी खाली ठेवली. "मागे राजा म्हणाला, या देवाला भजा. आम्ही आधीपासूनच भजत होतो, वाकलो. आता म्हणतो, त्या देवाला भजा. माझी आई, माझा धनी, पोटची दोन पोरं मी जुन्या देवाच्या हवाली केली आहेत. मीच त्याला सोडलं तर त्यांची विचारपूस कोण करणार? मला नाही जमायचं."

"मग तंबू जळेल."

"जळू दे. तुझ्या आईचा जळला तेव्हा मी बघितला आहे. कसा जळतो ते मला ठाऊक आहे."

आईचे नाव निघताच शिष्याचे मस्तक फिरले. जिने त्या दिवशी आपल्या तोंडात तो घास कोंबला, ती आज आईचे नाव घेते. त्याने मागे वळून स्वारांच्या नायकाला हात केला. नायकाला तेवढेच हवे होते. त्याने मशाल पेटवली.

तेवढ्यात आचार्य गाड्यावरून उतरले आणि शिष्याला बाजूला सारून तंबूत शिरले. शिष्य प्रथमच त्यांच्या अगदी जवळ उभा होता, म्हणून त्याला सारे दिसले. आचार्यांनी गळ्यातल्या कुपीला हात लावला नाही. ते म्हातारीपुढे बसले आणि हळूच म्हणाले, "बाई, कपाळाला हात लावू का? पाणी तुमच्याच घरचं आहे."

म्हातारीने त्यांच्याकडे निरखून पाहिले. काहीतरी उमगल्यासारखे वाटून तिने मान खाली केली. आचार्यांनी तिच्या रांजणात बोटे बुडवली, तिच्या कपाळाला टेकवली आणि सम्राटाच्या भाषेत, खणखणीत आवाजात, मंत्राच्या चालीवर एक वाक्य म्हटले. बाहेर स्वारांनी माना झुकवल्या. ती भाषा त्यांच्यातल्या एकालाही येत नव्हती. शिष्याला येत होती. आचार्यांनीच शिकवली होती. ते म्हणाले होते, "बाई, रस्सा उतू चालला आहे, तेवढा चुलीवरून उतरवा."

शिष्याचा आपल्या कानांवर विश्वास बसेना. बाहेर येताच त्याने गुरूंचा दंड धरला आणि त्यांना गाड्याच्या आडोशाला ओढले. गुरूंना असा हात त्याने जन्मात लावला नव्हता.

"हे काय केलंत तुम्ही? देवाच्या नावाने सोंग?"

आचार्यांनी गळ्यातली कुपी काढून त्याच्या हातात दिली. "हलवून बघ."

कुपी काठोकाठ भरलेली होती. निघताना होती तशीच.

"म्हणजे आजवर कोणालाच..."

"मशालीच्या उजेडात कोणालाच नाही. ज्यांना खरोखर हवं आहे, त्यांना सांगून ठेवलं आहे, गाडा निघून गेला की नदीवर या. तू माझ्या हातांकडे एकदाही पाहिलं नाहीस. तुला लोकांची भीती बघण्यातून सवडच मिळाली नाही."

शिष्याचा आवाज चढला. "असंच सोंग करायचं होतं तर माझ्या आईनेही केलं असतं. तो घास खाऊन ती जगली असती. ती खोटं वागली नाही. मी वागलो. मी नैवेद्य खाल्ला, आचार्य. आणि तुम्ही इथे..."

आचार्यांनी शिष्याचा चेहरा दोन्ही हातांत धरला.

"एवढी वर्षं हे उरात घेऊन फिरतोस? मला सांग, तो घास कसा लागला होता? अळणी, की खारट?"

"खारट. मी रडत होतो."

"नैवेद्याला मीठ नसतं, वेड्या."

शिष्याने नकळत ओठांवरून जीभ फिरवली.

"ते मांस तिच्या घरच्या हंडीतलं होतं," आचार्य म्हणाले. "स्वारांची पाठ वळली तेव्हा तिने ते बदललं. स्वाराने विचारलं, नैवेद्याचंच आहे ना? ती म्हणाली, नैवेद्याचंच आहे. आपल्या देवाचं नाव घेऊन ती खोटं बोलली, कशासाठी, तर तुझा देव बाटू नये म्हणून. पकडली गेली असती तर तीही जळाली असती. तुझ्या आईपुढेही तिने तेच मांस धरलं होतं. आईला ते ठाऊक होतं, तरी तिने नाही म्हटलं, कारण वाकल्याचं नुसतं दाखवणंसुद्धा तिला नको होतं. तुला माझ्या स्वाधीन करताना बाईंनी हे सांगितलं आणि म्हणाल्या, पोराला कळू देऊ नका, बोलून बसला तर आमची घरं जातील. मी शब्द पाळला. पुढे तू मोठा झालास तेव्हा तरी सांगायचं होतं. राहून गेलं."

ते दम घ्यायला थांबले. संतापाने त्यांनी चाकाचा आरा करकचून धरला. इतक्या वर्षांत शिष्याने त्यांना असे पाहिले नव्हते.

"मला राग येत नाही असं वाटतं तुला? मी आयुष्य वेचलं, की या माणसांनी एक दिवस आपल्या पायांनी देवाकडे चालत यावं. आणि या राजाने एका फौजेसाठी माझा देव त्या गाड्यावर ठोकला. फळी बदलली, की झाला धर्म! तुझ्या आईने श्रद्धेसाठी प्राण दिला, तो स्वतःचा. तू मघाशी हात केलास, तो कोणाचा प्राण द्यायला? आईचं नाव घेऊन तू तिला जाळणाऱ्यांच्या रांगेत उभा राहिलास. आधी खाल्ल्या मिठाला जाग. धर्माचं आपण मग बोलू."

शिष्याच्या हातात कुपी होती. ती कुठे ठेवावी हे त्याला सुचेना.

इतक्यात नायक मशाल घेऊन गाड्याला वळसा घालून आला. "काय कुजबुज चालली आहे? ए, तुला ती भाषा कळते ना? या म्हाताऱ्यावर माझा भरवसा नाही. बाईच्या डोक्याला लावलं ते मंत्राचंच पाणी होतं ना? खरं सांग, नाहीतर आत्ता पेटवतो."

शिष्याने तंबूकडे पाहिले. म्हातारी दारात उभी होती आणि त्याच्याकडेच पाहत होती. ती विनवत नव्हती. त्याच्या तोंडात घास भरवताना ती अशीच पाहत असावी, हे त्याला आज सुचले.

"मंत्राचंच पाणी आहे," तो म्हणाला.

नायकाने थोडा वेळ त्याच्या डोळ्यांत रोखून पाहिले, मग तंबूत जाऊन नाराजीने मशाल म्हातारीच्या रांजणात विझवली. गाडीवानाने बैलांना हाकले. आचार्य पुन्हा वर चढून बसले, कारण पुढच्या वस्तीत आणखी तंबू होते. त्यांनी हात पुढे केला, तेव्हा शिष्याने कुपी त्यांना परत दिली आणि म्हणाला, "तुम्ही व्हा पुढे. मी मागून येतो. यापुढे राजाज्ञा ओरडायला मी नाही. तुमच्याजवळ, तंबूच्या दारात उभा राहीन."

आचार्यांनी मान डोलावली.

म्हातारीने त्याला आत बोलावले नाही, की काही विचारले नाही. वाडग्यात रस्सा घातला आणि दारातच त्याच्या हाती दिला. म्हणाली, "खा. उतू गेला नाही, तुझ्या गुरूंना सांग." सम्राटाची भाषा तिला येत नव्हती. पण मंत्र म्हणताना म्हाताऱ्याची नजर चुलीवर होती, हे तिने पाहिले होते.

त्याने उभ्यानेच घास घेतला. गाडा धूळ उडवत चढावर निघाला होता आणि त्यावरचा सोट हेलकावत होता. त्याकडे पाहताना शिष्याचे डोळे रागाने कोरडे ठणठणीत होते. तरीही घास खारट लागला. तीच चव होती.

तो गाडा पुढे कोणी मोडून टाकल्याचे ऐकिवात नाही. आपल्या दाराशी आलाच, तर वर कोणता देव बसवला आहे हे पाहण्याआधी मशाल कोणाच्या हातात आहे ते पाहावे.